बोळ्याचा नंबर

हसू नका, खरं सांगतोय. काशीमीऱ्याला एका हॉस्पिटलात मी रेकॉर्डला होतो. कॉम्प्युटर कुठले तेव्हा! जाडजूड पुस्तकात शोधून प्रत्येक केसपेपरवर आजाराचा नंबर टाकायचा, हेच काम. एकदा शांती नगरचे कदमकाका आले. आठ महिन्यांपूर्वी दुसरीकडे ऑपरेशन झालेलं आणि तिथले डॉक्टर पोटात कापडाचा बोळा विसरलेले. आमच्याकडे तो काढला. पुस्तकात त्यालासुद्धा नंबर निघाला! मी कौतुकाने वॉर्डात सांगायला गेलो. काका नुसतं "हं" म्हणाले. केसपेपरवर एक रकाना रिकामा होता, म्हणून विचारलं, "काका, घरी सोबत कोण असतं?"

"आठ महिने तो बोळा होता," काका म्हणाले. "काल तुम्ही तोही काढलात."