लांडग्याची नववी ओळ

‘तिले काय समजते त्यातलं? पाहून पाहून टाके घातले असन तिनं. नाव कायले टाकतं तिचं – अन् त्या आंधळ्याचं त्याहून नाही’ – हे असं, बयनामावशी, अगदी ह्याच शब्दांत. तुम्ही आत्ता टोपली टेकवलीत ना, त्या दारामागे मी भाकरीचं पीठ मळत होते आणि इकडे सासूबाई आपल्या थोरल्या लेकाला सांगत होत्या. मला ऐकू यावं म्हणून नाही. मी ऐकते हे ह्या घरात कुणाला ठाऊकच नव्हतं – आठ महिने झाले लग्नाला, मी फारशी बोलत नाही म्हणजे माझं कुठे लक्षही नसावं असा सगळ्यांचा समज. – नाही, उजवा राहू द्या, उजव्यातल्या बांगड्या शाबूत आहेत. डाव्या वाढल्या, सहाच्या सहा, एका झटक्यात. कशानं म्हणून काय विचारता, अख्ख्या आदिलाबादेत तेच चाललंय आणि तुम्हाला माहीत नाही होय? सासूबाईंनी बोलावलं म्हणता, पण सासूबाई परवापासून माझ्याशी बोलत नाहीत, त्या कशाला बोलावतील. तुम्ही ऐकायला आलात. बरं केलंत. मलाही कुणीतरी घरोघर जाणारं हवंच होतं. बसा नीट. हात तुमच्याच हातात आहे, मी कुठे पळून जाते.

ते कापड तुम्ही पाहिलंय, माझ्या रुखवतात. बाकीच्या मुली मोर काढतात, ससे काढतात, माझं आपलं मॅटीचं दीड वार कापड आणि त्यावर फुलीच्या टाक्यांत लाल-काळी अक्षरं, तीन उभ्या रांगांत. शेजारच्या आशाबाई म्हणाल्या होत्या, हे काय गं, ताविजाचं आहे का? ताविजाचं नाही. तो लांडगा आहे. – लांडगा म्हणजे लांडगाच, मेंढ्या नेतो तो. संस्कृतात त्याला वृक म्हणतात, ग्रीक लोक लुकोस म्हणायचे, लॅटिनवाले लुपुस. बाबा सांगतात, फार फार वर्षांमागे कुठेतरी एकाच ठिकाणी मेंढ्या राखणारी माणसं होती, ती पांगली, आणि जाताना आपापला लांडगा बरोबर घेऊन गेली. म्हणून तिन्ही घरी त्याची चाल सारखी. आपण नाही का म्हणत, लांडगा आला, लांडग्याला मारलं, लांडग्यानं नेलं, लांडग्यासाठी, लांडग्यापासून, लांडग्याचं – दर वेळी शब्दाची शेपटी बदलते – तसंच तिकडेही. वृकस्य, लुकू, लुपी – लांडग्याचं. सात विभक्त्या आणि आठवं संबोधन, म्हणजे लांडग्याला हाक मारायची झाली तर. ग्रीकांकडे जिथे रूपच उरलं नाही तिथे चौकोन मोकळा ठेवलाय. हसू नका, मावशी, तुम्हालाही येईल, तुम्ही तेलुगूत भाव करता, उर्दूत हुज्जत घालता आणि मराठीत रडता, तुम्हाला काय अवघड.

माझे बाबा, मारोतराव, बेल्याच्या शाळेत संस्कृत शिकवायचे. तरुणपणी निजामाच्या हैदराबादेत होते, तिथे एका म्हाताऱ्या पाद्र्याला ते संस्कृत शिकवायचे आणि तो त्यांना ग्रीक, लॅटिन. आयुष्यभर ह्या तीन भाषांची रूपं शेजारी शेजारी मांडत राहिले, वह्याच्या वह्या. मग काचबिंदू झाला. एक डोळा गेला, दुसरा गेला, आणि वह्या उरल्या कपाटात. मला म्हणाले, चंद्रभागे, मला आता काही दिसत नाही पण बोटं तर आहेत ना गं. तर मी टाके घातले. ते रूप सांगायचे, मी काढायची, ते त्यावरून बोट फिरवायचे आणि म्हणायचे, ह्या अक्षराचा पाय आखूड आहे, उसव. उसवायची. तीन वर्षं लागली, मावशी – पाहून पाहून घातले नाहीत, वही एकदाही समोर उघडली नाही. ग्रीक अक्षरं तर त्यांनी आधी माझ्या तळहातावर बोटानं गिरवली. दारामागे उभं राहून मी हे सगळं त्या पिठाला सांगितलं. त्या दिवशीच्या भाकरी फार मऊ झाल्या होत्या, सासूबाई म्हणाल्याही.

आता नववी ओळ. विभक्त्या आठ, पण कापडावर ओळी नऊ. काऊन? तर बाबा कापड उलटं धरायचे. खालचं वर, वरचं खाली, आणि संबोधनापासून सुरुवात करून चिडायचे. म्हणून मी तळाला एक ओळ काढली, बोट लागताच कळावं की इथे कापड संपलं. काय काढू म्हटलं. ते म्हणाले, माझ्या आईच्या हातावरचं काढ, लहानपणी तोच हात धरून झोपायचो, अंधारातही ओळखीन. आजीचं, सोजरबाईचं, गोंदण – एक फुली, तीन टिंबं, दोन आडव्या रेघा, कणसासारखं एक, पुन्हा फुली. – हो, हेच. बांगडीच्या जरा वर पाहिलंत तर दिसेल सगळं. मी दहा वर्षांची असताना आजीनं बेल्याच्या बाजारात नेऊन माझ्याही हातावर तेच गोंदवलं. दुखलं खूप. सासूबाईंना लग्नाच्या दिवशीच खटकलं होतं, शिकलेली म्हणता अन् हातभर गोंदलेली कशी, म्हणून मग ह्या घरात आल्यापासून बांगड्या जास्त आणि बाह्या लांब. झाकून ठेवलं. बरंच झालं झाकलं ते.

लग्न ठरलं तेव्हा बाबांना आनंद कशाचा, तर नवऱ्याचा नाही, भासऱ्यांचा, म्हणजे ह्यांच्या थोरल्या भावाचा. सुधाकरराव म्हणजे कॉलेजात संस्कृतचे प्राध्यापक. बाबांनी कापड स्वतः रुखवतात ठेवलं, भासऱ्यांचे हात धरले आणि म्हणाले, मला पाठ झालंय, हे आता तुमच्या कामी येऊ द्या, आणि कुठे छापता आलं तर पाहा, एवढंच माझं राहिलंय. कपाटातल्या वह्याही दिल्या. भासरे म्हणाले, हे काय सांगणं झालं. बाबांचं राहिलेलं ते एवढंच होतं, मावशी. मुलीचं लग्न झालं, पेन्शन आली, डोळे गेले ते गेले. त्या रूपांच्या वर आपलं नाव लागावं, बस.

मग कापड गेलं भासऱ्यांच्या खोलीत. नागपूरच्या छापखान्याकडे ग्रीक अक्षरांचे खिळे नव्हते, म्हणून त्यांनी कापडावर बटरपेपर पसरला, टाका न् टाका गिरवला आणि त्याचेच ब्लॉक करायला दिले. मी चहा नेऊन ठेवायची, पदर नाकापर्यंत. आमच्यात भासऱ्यांपुढे उभं राहायचं नाही, बोलायचं नाही, त्यांनीही धाकट्या भावाच्या बायकोकडे पाहायचं नाही – तुमच्यातही आहे ना? त्यामुळे आठ महिन्यांत त्या माणसानं माझा चेहरा पाहिला नाही, तर हात कुठून पाहणार. गिरवता गिरवता ते नवव्या ओळीवर अडले. त्यांना थेट मला विचारता येईना. आईला म्हणाले, तिला विचार, ही शेवटची ओळ कशाची आहे. सासूबाई स्वयंपाकघरात आल्या आणि विचारलं. आणि मी – आदल्याच दिवशी ते दारामागचं ऐकलेलं – मी मान खाली घालून म्हटलं, ते फार जुनं आहे, बाबांना त्यांच्या आईकडून मिळालेलं, तिला तिच्या आईकडून. एक अक्षर खोटं नाही त्यात. सासूबाई बाहेर गेल्या आणि सांगितलं, फार जुनं आहे म्हनते. बस, एवढंच पोचलं. – मुद्दाम? हो, मुद्दाम. तुम्ही माझा हात दाबताय, मावशी, सैल सोडा. मी त्या दिवशी दाराच्या फटीतून पाहिलं, भासरे त्या ओळीवर भिंग धरून बसले होते आणि त्यांचा चेहरा असा उजळला होता की क्षणभर मला वाटलं, सांगून टाकावं. क्षणभरच.

आमच्या ह्यांना सांगितलं होतं मी, बाबांचं नाव घालायला सांगा. हे म्हणाले, दादा मोठे आहेत, त्यांना कळतं, आणि कूस बदलली. चांगले आहेत हे, वाईट नाहीत, पण त्यांची कूस फार लवकर बदलते.

पुस्तक आलं. जाड पुठ्ठा, सोनेरी अक्षरं, लेखक प्राध्यापक सुधाकरराव. आभाराच्या पानावर प्राचार्य, छापखान्याचे मालक आणि सासूबाई – मातोश्री जयवंताबाईंच्या आशीर्वादाने. टाके तसेच छापलेले, प्रत्येक अक्षर फुल्याफुल्यांचं, माझा चुकून ओढला गेलेला एक दोराही छापलाय, पान सव्वीस. आणि शेवटच्या प्रकरणात नववी ओळ, एका अख्ख्या पानावर मोठी करून. खाली काय लिहिलंय सांगू? ‘यावनी भाषेतील लुप्त झालेल्या नवव्या विभक्तीचे अतिप्राचीन लिपीतील अवशेष.’ यावनी म्हणजे ग्रीक. अकरा पानं, मावशी. माझ्या आजीच्या मनगटावर अकरा पानं. तिला सही करता येत नव्हती.

नागपंचमीला माहेरी गेले तेव्हा भासऱ्यांनी एक प्रत बाबांसाठी दिली होती, तेवढं मन मोठं त्यांचं. बाबांनी ती मांडीवर घेतली आणि पानांवरून बोटं फिरवली. गुळगुळीत. दुसरं पान. गुळगुळीत. छापलेलं कसं लागणार बोटांना. म्हणाले, चांगलं झालंय का गं? म्हटलं, चांगलं झालंय. मग आपलं बोट पुढे करून म्हणाले, माझं नाव कुठे आहे तिथे ठेव. – थांबा जरा. पदर द्या तो. – मी त्यांचं बोट धरलं आणि नवव्या ओळीवर ठेवलं. इथे आहे, बाबा. त्यांनी ते बोट तिथून बराच वेळ उचललं नाही. तेव्हाच ठरवलं मी. कसं ते ठरवलं नव्हतं, पण चार लोकांत, आणि बाबा समोर असताना, एवढं ठरवलं. त्या दिवसापासून ह्या घरात चहाचा कप ठेवताना मी मनात संबोधन म्हणायची. वृक. लुके. लुपे. चौदा आठवडे, दिवसातून दोनदा.

परवाचा सत्कार. सासूबाई त्याला जलसा म्हणतात. वाचनालयाचा हॉल, बाहेर कापसाच्या गाड्यांची रांग पार जिनिंगच्या गिरणीपर्यंत, आत हार, शाल, नारळ. अध्यक्ष अर्धं तेलुगूत बोलले, अर्धं मराठीत. बाबांना मीच बोलावून घेतलं, बेल्याहून मोटारसायकलवर कुणाच्या तरी मागे बसून आले, पहिल्या रांगेत बसवलं. नागपूरहून एक म्हातारे विद्वान आले होते. त्यांनी खूप कौतुक केलं, खरंच केलं, अशी मांडणी मी पाहिली नाही म्हणाले – बाबा मान हलवत होते – आणि मग अगदी सौम्यपणे विचारलं, सुधाकरराव, ती नववी ओळ तेवढी मला लागली नाही, ती कोणत्या हस्तलिखितात पाहिलीत? भासरे उठले आणि बोलले. किती बोलले. लिपी कशी, काळ कोणता, त्या कणसासारख्या चिन्हाचा अर्थ काय. विद्वान म्हणाले, पण मूळ? भासरे म्हणाले, मूळ माझ्या पाहण्यात आहे, दुर्मीळ आहे, दाखवण्यासारखं नाही.

मी बायकांच्या रांगेत होते. उठले. सासूबाईंनी लुगड्याचा काठ धरला, तो सुटला. मधल्या वाटेनं चालत गेले, भासऱ्यांसमोर पदर मागे घेतला, आयुष्यात पहिल्यांदा, आणि बाही वर सारायला डाव्या बांगड्या अशा रेटल्या की टेबलाच्या कडेवर वाढल्या सगळ्या – हे ओरखडे त्याचेच, दुखत नाहीत आता. त्या विद्वानांनी चष्मा वर केला, हात पाहिला, पान पाहिलं, पुन्हा हात पाहिला. मागचे लोक उठून पाहू लागले. फक्त बाबा, त्यांना दिसत नव्हतं ना, ते शेजारच्याला विचारत होते, काय झालं, कोण उठलं. म्हणून मग मला तोंडानं बोलावं लागलं. नाहीतर मी बोलले नसते, तुम्हाला माहीत आहे मी कशी आहे ते.

झाल्या भरून? सात भरल्यात होय, एक जास्तीची, बरं. कापड? ते सकाळीच आलं परत, आमच्या ह्यांनी स्वतः आणून दिलं, घडी घालून. उद्या बेल्याला नेते. आता उठा, मावशी, मागच्या दारानं नका जाऊ, पुढूनच जा, सासूबाई तिथे पडद्याआड उभ्या आहेत, त्यांनाच बाजूला होऊन तुम्हाला वाट द्यावी लागेल. आणि पुढच्या घरी विचारतीलच, ती मुकी सून काय म्हणाली म्हणून. तर आपल्या मनाचं काही जोडू नका. मी हात टेबलावर ठेवला आणि बाबांना ऐकू जाईल अशा आवाजात एवढंच म्हटलं –

‘वरच्या आठ ओळी माझ्या बाबांच्या आहेत, बेल्याच्या मारोतरावांच्या, ते समोर बसलेत. नववी माझ्या आजीची. मूळ हे इथे आहे, दादा – आता वाचून दाखवा.’