बाजाराच्या आदल्या संध्याकाळचं वाचन

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आदरणीय मुरलीधरआबा, व्यासपीठावरील सर्व मान्यवर, ज्यांच्यासाठी आपण जमलो ते साप्ताहिक 'दवंडी'चे संपादक फुलचंदभाऊ, भुसावळहून आणि नशिराबादहून मुद्दाम आलेले वाचक, आणि खुर्च्या कमी पडल्या म्हणून मागे उभ्या असलेल्या माझ्या आयाबहिणींनो,

मी नाजमीन पिंजारी. 'दवंडी'त बातम्या लिहिते. माझे वडील नासीरभाई याच साप्ताहिकाच्या छपाई यंत्राजवळ म्हातारे झाले, त्यामुळे शाईचा वास आमच्या घरातल्या पोळीलासुद्धा यायचा.

आबांनी मघाशी मोठ्या मनानं सुचवलं, की भाऊंची नजर अधू झाली, ते मुलाकडे पुण्याला निघाले, तर आता 'दवंडी'लाही सन्मानानं निरोप द्यावा. आबा, तुमचा मान राखून बोलते. शाल भाऊंना शोभून दिसते. साप्ताहिकाला थंडी वाजत नाही.

बाहेरगावच्या पाहुण्यांसाठी आमची एक रीत सांगते. बाजाराच्या आदल्या संध्याकाळी भाऊ छापखान्याच्या ओट्यावर बसून पहिलं पान मोठ्यानं वाचतात. ज्याची बातमी असेल त्याला निरोप जातो. चूक दाखवली तर तिथल्या तिथे दुरुस्ती. पण कोणी 'छापूच नका' म्हणाला, तर भाऊ त्याला फक्त पाणी विचारतात. मग पान यंत्रावर चढतं.

एका साली बोगस बियाण्याची बातमी होती. भाऊंनी वाचलं, "येथील एका व्यापाऱ्याने..." समोर त्यांच्या आई धापूबाई शेंगा सोलत बसलेल्या. त्या म्हणाल्या, "दुसऱ्यायची नावं पुरी छापतो, अन् आपल्या घरचं नाव कायले गिळतो रे?" तो व्यापारी भाऊंचा सख्खा मोठा भाऊ होता. भाऊंनी पेन काढलं आणि नाव घातलं, आडनावासकट. त्या दिवाळीला थोरला मुलगा आईच्या पाया पडायला आला नाही. धापूबाईंनी दारात रांगोळी काढली, त्याच्या वाटचं ताट झाकून ठेवलं, आणि पुढच्या आठवड्यात पुन्हा ओट्यावर येऊन बसल्या. पुढच्या दिवाळीला तो आला. मान खाली घालून, पण आला.

आता मला सांगा, असं साप्ताहिक नजर अधू झाली म्हणून बंद करायचं? वाचायला डोळे लागतात खरे, ते माझे आहेत. भाऊंनी छापखान्याची किल्ली आज सकाळी माझ्या हातात दिली. हे आबांना ठाऊक नव्हतं, आता झालं.

तर मंडळी, उद्या बाजार आहे. म्हणजे आजची संध्याकाळ वाचनाची. ओट्यावरचे सगळे इथेच आलेत, तेव्हा वाचन इथेच होईल. ध्वनिक्षेपक असल्यानं भाऊंच्या काळापेक्षा जरा लांबवर ऐकू जाईल, एवढंच.

"मुलींच्या शाळेतील नव्या स्वच्छतागृहांचे गाजावाजा करून उद्घाटन झाले. तेथे नळ आहेत, पण पाण्याची जोडणी नाही. मुली अजूनही घरी धावत जातात, काही परत येत नाहीत."

मी स्वतः ते नळ फिरवून पाहिले. भिंतीत पाइपच नाही. उद्घाटनाची फीत आबांनी कापली होती, हेही बातमीत आहे. आबा, चूक असेल तर सांगा. नाही? बरं.

पुढची ओळ वाचायला मला जड जातंय, ते लपवत नाही. काल ठेकेदार माझ्याकडे आला होता. म्हणाला, "आपा, नुसतं 'ठेकेदार' लिही ना. नावाचं काय अडलंय?" आमची अम्मी, नूरबी, तेव्हापासून माझ्याशी बोललेली नाही. मला घर हवंय, पाठचा भाऊही हवाय. पण त्या मुलींचं काय? त्यांच्यासाठी कोण वाचणार?

"काम ठेकेदार तनवीर नासीर पिंजारी यांनी केले."

हा माझा धाकटा भाऊ. तिसऱ्या रांगेत बसलाय.

फुलचंदभाऊ, पुण्याला तब्येत सांभाळा, अंक टपालानं येत राहील, कोणाकडून तरी मोठ्यानं वाचून घ्या. आयोजकांचे, पाहुण्यांचे आणि आपण सर्वांनी शांतपणे ऐकलंत त्याबद्दल आपलेही मनापासून आभार. माझ्या बोलण्यात काही उणंदुणं झालं असेल तर पोटात घाला. बातमीत झालं असेल, तर मात्र पोटात घालू नका, आत्ताच उठून सांगा.

तनवीर, तूसुद्धा. उद्या अम्मीसाठी मीही ताट झाकून ठेवीन, आणि तुझ्यासाठीही. पण पान आता यंत्रावर चढतंय.