मागच्या शिटवर बसलेल्या वैजयंतीताई

आजच्या सोहळ्याचे अध्यक्ष, ज्येष्ठ मेकॅनिक आदरणीय गेणभाऊ, व्यासपीठावरील मान्यवर, नारायणगावातले दुकानदार आणि गॅरेजवाले बंधू-भगिनींनो, आणि ज्यांच्यासाठी आपण जमलो त्या सत्कारमूर्ती वैजयंतीताई, महाळुंगे पडवळच्या सुदर्शन पडवळचा आपणा सर्वांना नमस्कार.

ताई स्पेअर पार्टचं दुकान सूनबाई हर्षालीच्या हाती सोपवून निवृत्त होत आहेत. मी नुसतं गिऱ्हाईक. गिऱ्हाइकाच्या हाती माईक म्हणजे आता तक्रार, अशी काळजी अध्यक्षांच्या चेहऱ्यावर दिसते आहे. गेणभाऊ, तसं काही नाही.

माझी आई कुशाबाई गोठ्यात घसरली आणि तिचं खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशननंतर ती काठीनं चालू लागली, पण गाडीत बसेना. आमची जुनी पेट्रोलची गाडी चढाला हिसके मारायची, अन् प्रत्येक हिसक्याला तिला कळ यायची. तिकडे डिंभ्याला तिची धाकटी बहीण, आमची झुंबरमावशी, अंथरुणाला खिळलेली. दोघी फोनवर बोलायच्या. बोलणं संपलं तरी आई फोन मांडीवर धरून बसायची. मी म्हणायचो, चल, नेतो. ती म्हणायची, "तुझी गाडी हाडं मोजती माझी. मी नाय येत."

मी ताईंकडे गेलो. म्हटलं, इंजिनात पेट्रोल फवारणारे इंजेक्टर साफ करायच्या औषधाची बाटली द्या, सगळ्यात भारीतली. ताईंनी बाटलीला हातच लावला नाही. विचारलं, "पेट्रोल का डिझेल? फिल्टर बदललाय? इंजिनचा दिवा लागतोय का?" दिवा लागत नव्हता. फिल्टर नवा होता, प्लग गेणभाऊंनी पाहिले होते.

"मंग इंजेक्टरात कचरा आसंल," त्या म्हणाल्या. "भारी-हलकं नका बघू भाऊ. पेट्रोलची बाटली पेट्रोललाच चालती, एवढं बघा. टाकी उतरली की वता, वरनं पेट्रोल भरा, म्हंजी नीट मिसळंल. लिवलंय तेवढंच टाका. आन् गाडी लांब पळवा, गल्लीत फिरवून उपेग न्हाई. पण एवढी घाई कशाची?"

मी मावशीचं सांगितलं. ताईंनी बाटली काढून माझ्यापुढे ठेवली.

"आईंना लगेच बसवू नका," त्या म्हणाल्या. "एकदा हिसका बसला तर परत बसायच्या न्हाईत. औषध टाकलेली टाकी संपत आली की आधी मला न्या. माझीबी कंबर गेलेली हाय. मला कळंल."

आणि सभाजनहो, त्या खरोखर आल्या. भर बाजाराच्या दिवशी दुकान हर्षालीवर सोडून मागच्या शिटवर बसल्या, जिथं आई बसणार होती तिथं. खोडदच्या रस्त्यानं गेलो, चढावर मुद्दाम गाडी हळू केली, परत वेग दिला. आरशात बघितलं तर ताई डोळे मिटून, कमरेवर हात ठेवून बसलेल्या. मला वाटलं, दुखलं. त्या म्हणाल्या, "आता आणा त्यांना."

दुसऱ्या दिवशी आई डिंभ्याला गेली. मावशीनं तिला बघून तोंडावर पदर घेतला. आई तिच्या उशाशी बसली, फणी मागितली आणि बहिणीचे केस विंचरू लागली.

बाटलीनं कायमचं काम झालं का? नाही. काही महिन्यांनी हिसके परत आले. तेव्हा मी दुसरी बाटली मागितली, तर ताईंनी दिली नाही. इंजेक्टर काढूनच साफ करावे लागतील म्हणाल्या आणि मला गेणभाऊंकडे धाडलं. तोवर आणि त्यानंतरही आईच्या डिंभ्याच्या फेऱ्या चालू राहिल्या. मावशी गेली तेव्हा तिचा हात आईच्या हातात होता.

आज आईला यायचं होतं, तब्येतीमुळे जमलं नाही. तिनं निरोप दिलाय, तो तिच्याच शब्दांत सांगतो: "वैजयंतीला म्हणावं, माझी बहीण एकटी गेली नाय."

ताई, पुढचे दिवस तुम्हाला सुखाचे जावोत. मला बोलू दिलंत, आपण सर्वांनी ऐकून घेतलंत, ऋणी आहे. बोलण्याची सवय नाही, कुणाचं नाव राहिलं असेल, शब्द कमीजास्त झाला असेल, तर आपला समजून पोटात घाला.