चार बोटांचं अंतर

वहिनी, मुरब्याहून आलेली दादांची भावंडं, या इमारतीत राहणारे तुम्ही सगळे आणि साइटवरची आपली माणसं. मला भाषणाची सवय नाही. साइटवर ओरडायची आहे. म्हणून कागदावर चार ओळी लिहून आणल्या होत्या. तो कागद खिशातच राहू दे.

मी दिलीप. ही इमारत मी बांधली. आपण खुर्च्या टाकून बसलोय ते हे पार्किंगही मीच बांधलं. काशिनाथदादा माझ्याकडे सळईकाम करायचे. खांबाच्या सळया उभ्या करायच्या, त्यांच्याभोवती लोखंडी रिंगा बांधायच्या. अठरा वर्षं त्यांनी हे काम केलं. परवा त्यांचा दहावा झाला. त्यांच्यापासून मी एक गोष्ट लपवली होती. ती आज तुम्हाला सांगणार आहे. कारण तुम्ही याच खांबांमध्ये बसलाय.

दादा तरुणपणी अहमदाबादला कामाला होते. कच्छचा भूकंप झाला त्या सकाळी ते नाक्यावर चहा पीत उभे होते. समोरची इमारत त्यांच्याच टोळीनं बांधलेली. खाली असंच मोकळं पार्किंग, वर माणसं. ती इमारत त्यांच्या डोळ्यांदेखत खाली बसली. ढिगारा उपसायला दादाही होते. खांब फुटलेले होते, आणि आतल्या रिंगा उघडल्या होत्या.

"शेट, त्या रिंगा मीच बांधलेल्या," ते मला म्हणाले होते. "लांब लांब बांधल्या. टोकं नीट वळवली नाय. मुकादम बोलला, लवकर कर. मी केलं."

एवढंच बोलले. पुन्हा कधी त्यांनी तो विषय काढला नाही.

पण तिथून ते जे घेऊन आले, ते मी रोज बघितलं. खांबाच्या वर आणि खाली रिंगांमध्ये चार बोटांचं अंतर. टेप लावायचे नाहीत. त्यांच्या घरी मासेमारीची जाळी विणतात, तिथं जसं बोटं घालून मोजतात, तशी बोटं घालायचे. आणि प्रत्येक रिंगेचं टोक आत, काँक्रीटमध्ये वळवायचे. मी वैतागायचो. म्हणायचो, दादा, किती वेळ? ते म्हणायचे, "अर्धी गाठ मारून जाळं दर्यात टाकशील का तू?"

त्यांनी शिकवलेली पोरं आज बोईसरभर काम करतात. तो रामविलास मागे बसलाय. परवा मी त्याला विचारलं, तू रिंगा कशा बांधतोस? लगेच म्हणाला, "चार उंगली, सेठ. चाचा बोलते थे."

आता माझं सांगतो.

दरवर्षी नारळी पौर्णिमेला दादा गावी, मुरब्याला जायचे. दर्याला नारळ वाहायचा, भावाची बोट समुद्रात जाताना बघायची, मगच परत. माझ्या साइटवर ते दिवस कुणी मोडू शकत नव्हतं. या इमारतीच्या वेळी खालच्या खांबांचं काम नेमकं त्या दिवसांत आलं. मी थांबायला हवं होतं. किती दिवस? चार दिवस! मी थांबलो नाही. दुसरी टोळी लावली. त्यांनी रिंगा वीत वीत अंतरावर बांधल्या. टोकं वळवली नाहीत. मी उभा होतो. मी बघत होतो. मीच म्हणालो, चालेल, काँक्रीट भरा.

दादा परत आले तेव्हा खांब भरून झाले होते. त्यांनी एका खांबावर तळहात ठेवला. त्या कोपऱ्यातल्या. विचारलं, "रिंगा कशा बांधल्या रं?"

मी म्हणालो, "तुम्ही सांगितलंत तशाच, दादा."

"मग झालं," म्हणाले.

वहिनी, पुढचं तुम्हाला माहीत आहे. माझ्या त्या शब्दावर त्यांनी याच इमारतीत दुसऱ्या मजल्यावर घर घेतलं. मग डहाणू-तलासरीकडे भूकंपाचे हादरे सुरू झाले. इथंही भांडी वाजायची. तुम्ही सगळे जिन्याकडे धावायचात, आणि दादा जिन्यात उभे राहून सांगायचे, "घाबरू नका. ढकलाढकल करू नका. हिच्या रिंगा नीट हायत." तुम्ही ऐकायचात. पोरांना घेऊन घरात परत जायचात. मी चिंचणीला माझ्या घरी असायचो. प्रत्येक हादऱ्याला आधी इथं, दादांच्या घरी फोन लावायचो. फोन उचलला जाईपर्यंत माझा जीव थाऱ्यावर नसायचा. पलीकडून दादाच बोलायचे, "काय नाय झालं शेट, झोप."

ज्या माणसानं एका इमारतीचं ओझं जन्मभर वागवलं, त्यालाच मी दुसऱ्या तशाच इमारतीची हमी द्यायला लावली. मला याची लाज वाटते. आणि भीती त्याहून जास्त वाटते.

कोण उठलं? उठा. रागवा. मला बोला, दादांना बोलू नका. त्यांना ठाऊक नव्हतं.

उद्या सकाळी या खांबांचं प्लास्टर फोडायचंय. तपासायला बाहेरचा इंजिनिअर येईल, माझ्या ओळखीचा नाही. खांबांना मजबुती देईपर्यंत वर कुणी राहू नका. चिंचणीचं माझं घर उघडं आहे. कुंभवलीतल्या दोन चाळींतही बोलून ठेवलंय. सामानासाठी टेम्पो बाहेर उभे आहेत. नवीन रिंगा रामविलास बांधेल. मी मोजणार नाही. माझ्या मोजण्यावर आता कुणी विश्वास ठेवू नका.

दादा, तुम्ही विचारलं होतंत, रिंगा कशा बांधल्या. वाईट बांधल्या, दादा. मी खोटं बोललो.

आता दोन मिनिटं शांत उभं राहायचंय. पण इथं नको. वहिनी, माझा हात धरा. पोरांना पुढे घ्या, ढकलाढकल करू नका. सगळे बाहेर चला, समोरच्या मोकळ्या मैदानात. दादांसाठी तिथं उभे राहू.