हँडल फिरत होतं तोवर

— नाही नाही, ती खुर्ची नको, पाय मोडलाय तिचा. पलंगावरच बस, पोरी. तर तू पर्सी एकहर्स्टची मुलगी. नाक त्याचंच. आणि तुझी आई आता अंथरुणाला खिळलीय, आणि अजून तेच घोकतेय — अंगात ताप असताना मीच त्याला शूटिंगला धाडलं, म्हणून गेला. बरोबर? मग तसंच असणार. तापच तो. फेब्रुवारीतला ब्रायटनचा समुद्र, त्यात तापलेलं अंग — काळीज बंद पडलं, डॉक्टरनंही तेच लिहिलं. झालं समाधान?

बसलीच आहेस अजून. बरं. आमचं काम कसं असायचं, ठाऊक आहे? पडद्यावर मी चोरटा माल उतरवणारा, तुझा बाप जकातीचा शिपाई, छातीएवढ्या पाण्यात मारामारी. लुटुपुटूची? छे. आवाज नव्हता तेव्हाच्या चित्रपटांना, मग मार दिसायला नको? तुझा बाप खरंच हाणायचा — हे बघ, वरचे दोन दात, त्यानंच पाडले. मीही त्याची बरगडी मोडली होती एकदा, आणि दुसऱ्या दिवशी दोघं एका बाकावर बसून तळलेले मासे खात होतो. राग? राग कसला, धंदाच तो. नियम एकच — कॅमेऱ्याचं हँडल फिरतंय तोवर थांबायचं नाही. ऊन गेलं की दिवस गेला, पुन्हा करायला कोण देतंय?

खूण? होती ना. जीव घाबरला तर समोरच्याच्या दंडाला चिमटा काढायचा, की त्यानं सोडायचं. पर्सीनं नाही काढला. मी पाण्याखाली दाबला त्याला, तो तडफडायला लागला, आणि काठावरून आमचे दिग्दर्शक बॉटिंगसाहेब ओरडतायत — शाबास, शाबास — त्यांना वाटलं, पर्सी आज काय झकास काम करतोय. आणि तुला सांगतो, अकरा वर्षं मी खलनायक, अकरा वर्षं कॅमेऱ्याकडे माझी पाठ. नायकाचा चेहरा दिसायला हवा ना — खलनायकाची नुसती पाठ आणि मूठ. त्या दिवशी लाटेनं फिरवलं आम्हाला, नायक पाण्याखाली, आणि माझा चेहरा थेट कॅमेऱ्यासमोर — पहिल्यांदा, पोरी, पहिल्यांदा. मी डोळे वटारले, दात विचकले, काय काय केलं. चिमटे बसत होते, नखं रुतत होती, रक्त निघालं दंडातून, पण म्हटलं अजून थोडं, हँडल फिरतंय, अजून थोडं —

काय बघतेस अशी?

हो. म्हणालो मी तसं. ऐकलंस ना, मग झालं. चित्र लागलं तेव्हा मागच्या बाकावर बसून पाहिलं मी. बायका किंचाळत होत्या, एक जण विचारत होता, हा राक्षस कोण म्हणून. आणि मला बरं वाटलं. तुझ्या बापाला पुरून महिना झाला नव्हता, आणि मला खरंच बरं वाटलं.

ऊठ आता. आईला सांग, तापानं नाही गेला तो. चांगली ताकद होती त्याच्या अंगात, बराच वेळ झगडला. जा, निघ. आणि दार ओढून घे.