बॉबिनच्या कानाची खाच

नाव – भामा रामू घरत, वय ५४ वर्षे, धंदा – शिवणकाम, राहणार – सागरदीप सोसायटी, तळमजला, नवीन पनवेल.

पोलीस ठाण्यात स्वतः येऊन, विचारल्यावरून सांगते की, मी वरील पत्त्यावर एकटी राहते. आमच्या जिन्याखाली बॉबिन नावाची तांबडी कुत्री चार वर्षांपासून आहे. तिला खायला मी घालते. ती आजवर कोणाला चावलेली नाही.

जानेवारीत सोसायटीचे सेक्रेटरी मितेश मला म्हणाले, "मावशी, एकोणीस तारखेपर्यंत हिचं ऑपरेशन करून घ्या. इथे पिल्लं नकोत. नाहीतर टेम्पोत घालून डायरेक्ट लांब द्रोणागिरीला सोडणार." मी खाजगी डॉक्टरांकडे विचारले. नसबंदीचे साडेसहा हजार, टाके सुकेपर्यंत ठेवायचे वेगळे. माझ्याकडे दोन हजार आठशे होते. पालिकेच्या मोफत ऑपरेशनच्या यादीत नाव घातले, पण कुत्री न्यायची गाडी कधी येईल ते कोणी सांगेना.

नसबंदी झालेल्या कुत्र्याच्या कानाला खूण म्हणून खाच पाडतात, हे मला माहीत होते. दिनांक १९ जानेवारी रोजी दुपारी तीनच्या सुमारास मी बॉबिनला बिस्किटे घातली, मांडीत धरले आणि शिवणकामाच्या कात्रीने तिच्या डाव्या कानाला तशीच खाच पाडली. ती किंचाळली, पण चावली नाही. मी हळद दाबून धरली. संध्याकाळी मितेश यांना कान दाखवला. ते "गुड" म्हणाले. तेव्हा मला स्वतःच्या हुशारीचे कौतुक वाटले.

तीनच दिवसांनी मोफत ऑपरेशनची गाडी आली. गाडीवरच्या माणसाने कान बघितला आणि म्हणाला, "हिचं झालंय." मितेश शेजारीच उभे होते. त्यांच्यासमोर खोटे उघडे पडेल म्हणून मी मानेनेच हो म्हटले. गाडी निघून गेली. मला स्वतःचा अजून संताप येतो.

दिनांक ४ एप्रिल रोजी बॉबिन व्याली. चार पिल्ले झाली. मितेश ओरडले, "मला येडा बनवता?" मी हात जोडले. मी म्हणाले, "चूक माजी हाय, तिची नाय. पिल्लांचे डोले तरी उघडू द्या."

काल, ११ तारखेला सकाळी साडेदहा वाजता, मी शिवलेले ब्लाऊज पोहोचवायला गेले असता मितेश यांनी बॉबिनला टेम्पोत घालून नेले. वॉचमन कृष्णकांत यांनी ते पाहिले आहे. मी पिल्लांना कापसाने दूध पाजते. एक पिल्लू घेत नाही.

हवालदारांनी मला विचारले की, कात्रीची गोष्ट लिहिली तर तुमच्यावरही कारवाई होऊ शकते, ती वगळायची का. मी सांगितले, "वगलू नका सायेब. ती खाच बगून कोन बी म्हनल, हिला पिल्लां होत नाय. मंग तिला पिल्लांकडं परत कोन आनल?"

वरील मजकूर मला मराठीत वाचून दाखवला. खाचेच्या ओळींसह तो मी सांगितला तसाच आहे.

सही – भामा रामू घरत