लेशोदेलची तिसरी

पॅरिसमध्ये पाववाल्यापुढच्या रांगेत ओर्तांस उभी होती. पुढच्या दोघी तिला ओळखत नव्हत्या.

"त्या बॅरोमीटरवाल्या लेशोदेलनं तिसरी केली म्हणे!"

"कोण देतं गं त्याला मुलगी? दोघी तर खाल्ल्यान् मेल्यानं."

"आजारानं गेल्या म्हणतात."

"कसला आजार! घरात सारखा पारा उकळतो. सूपमध्ये घालत असेल."

"पाहिलंस तू?"

"पहिलीला सुईत दोरा ओवता येईना, दुसरीच्या हातात कप ठरेना. हे काय उगाच?"

ओर्तांसला हसू आलं. तिच्या घरी सूप तीच करायची, आणि नवऱ्यासाठी पाराही तीच उकळायची.

तिची पाळी आली. पाववाला म्हणाला,

"बाई, आज तरी पाव नीट धरा. कालही पडला होता."